उसनी शांतता

माहितीपट काढणाऱ्यांची पूर्वी एक रीत होती. मुलाखत संपली, माणसाचं बोलून-रडून झालं, चहाचे कप पुढे आले, की ध्वनिमुद्रक हात वर करायचा आणि म्हणायचा, "आता सगळे गप्प. खोलीला बोलू दे." मग मिनिटभर कोणी हलायचं नाही. चहावर साय धरायची, माशा घोंघावायच्या, आणि यंत्र त्या खोलीची नुसती शांतता टिपून घ्यायचं. दोन खोल्यांची शांतता सारखी नसते. पुढे संकलनात एखादं वाक्य कापलं की तिथे आवाजाला भोक पडतं. त्या भोकाला त्याच खोलीच्या शांततेचं ठिगळ लावलं नाही तर ऐकणाऱ्याचा कान अडखळतो.

उज्ज्वला रणपिसेने आयुष्यभर अशी ठिगळं जमवली. जिथे बंदुका चालत तिथे ती जायची, पण बंदुकांकडे पाठ करून कॅमेरा लावायची. भांडी घासणाऱ्या बायका, पोरांचे शाळेचे गणवेश उन्हात वाळत घालणारे बाप, गोळीबार थांबल्यावर पुन्हा फोडणीला टाकलेला लसूण. "गोळी सुटली ही बातमी सगळेच देतात," ती म्हणायची. "त्या दिवशी त्या घरात भाजी कसली होती, ते मी सांगते." तेव्हा फोन हातात धरून बोलावं लागे, आणि जंगलात रेंज शोधायला माणसं झाडावर चढत. आता ती अडुसष्ट वर्षांची झाली होती. कराडला संगमाजवळच्या एका लहानशा फ्लॅटमध्ये एकटी राहत होती आणि फिल्मबिल्म सगळं मागे पडलं, असं समजून चालली होती.

एका दुपारी बेल वाजली. दारात पस्तिशीची एक सावळी, ताठ बाई उभी होती.

"मॅडम, तुम्ही नाही ओळखणार. मी मोनाली. कोसमटोल्याच्या गेडाम मास्तरांची मुलगी."

"ओळखणार नाही कशी? माझ्या पिशवीतली लिमलेटं तूच संपवलीस की सगळी!"

मोनाली हसली नाही. उज्ज्वलाने तिला आत घेतलं, पाणी दिलं. कोसमटोला हे राज्याच्या पूर्वेच्या टोकाचं, नदीकाठच्या जंगलातलं गाव. अठ्ठावीस वर्षांपूर्वी तिथे दोन्ही बाजूंना बंदुका होत्या. जंगलातल्यांना वाटे, गेडाम मास्तर वर्दीवाल्यांना खबर देतो; वर्दीवाल्यांना वाटे, तो जंगलातल्यांना भात पुरवतो. उज्ज्वला गावात पोचली त्याच आठवड्यात मास्तर नाहीसे झाले. जंगलवाले म्हणाले वर्दीवाल्यांनी नेलं, वर्दीवाले म्हणाले जंगलवाल्यांनी. फिल्म त्यावरच झाली आणि खूप गाजली. तिच्यातला एक शॉट तर पुढे शिकवण्यात आला: मास्तरांची शेजारीण सोमीबाई कुळमेथे म्हणते, "मास्तरले कोनं नेलं, मले काय माहीत जी," आणि मग बराच वेळ काही न बोलता कॅमेऱ्याकडे बघत राहते. त्या नजरेवर लोकांनी लेखच्या लेख लिहिले.

"तो शॉट मी कानोसावर टाकला," मोनाली म्हणाली.

कानोसा आताशा सगळ्यांना ठाऊक झाला होता. मुळात तो भूकंपात ढिगाऱ्याखाली अडकलेली माणसं शोधायला निघाला. माणूस श्वास घेतो तेव्हा हवा हलते. ती हालचाल भिंतीला, छपराला, रांजणाला आपटून परत येते आणि प्रत्येक ठिकाणाहून किंचित उशिरा येते. तो उशीर इतका बारीक असतो, की आपला मेंदू तो कचरा समजून टाकून देतो. मायक्रोफोन मात्र काही टाकत नाही. दोन मायक्रोफोनांनी टिपलेला आवाज असेल, तर कानोसा त्या उशिरांवरून सांगतो, की इथे भिंत होती, इथे दार होतं, इथे माणूस होता आणि तो बसलेला होता की आडवा. शिवाय ज्याच्या त्याच्या श्वासनळीची रुंदी, नाकाचा बाक, छातीचा ताठरपणा निराळा. जिन्यातल्या चपलांवरून घरचं माणूस ओळखू यावं, तसा श्वासही ओळखता येतो.

ढिगारे उपसून झाल्यावर लोकांनी जुन्या ध्वनिफिती उपसायला घेतल्या. कोणी बारशाच्या व्हिडिओत वारलेली आई शोधली. कोणाला आपल्याच घरच्या जुन्या चित्रीकरणात दारामागे उभा असलेला परका सापडला आणि संसार मोडला. भिंतींना कान असतात असं म्हणत. आता त्यांना तोंडही फुटलं होतं.

मोनालीने पर्समधून कानोसाची चकती काढून टीपॉयवर ठेवली. खिडकीतलं ऊन मावळतीला लागलं होतं. चकतीवर फिकट प्रकाशाच्या रेघांची एक खोली उभी राहिली. तिच्यात धुक्याचे गोळे होते, भाकरी फुगावी तसे फुगत होते आणि बसत होते. सोबत सोसाट्यासारखा, पण अगदी हळू आवाज.

"ह्या तुम्ही. कॅमेऱ्यामागे," मोनाली बोट दाखवत गेली. "हे तुमचे आवाज टिपणारे लोपीस काका. ही सोमीबाई, जमिनीवर बसलेली. तिला टेकून हे लहान मूल. नातू असेल तिचा. आणि हे बघा."

रेघांच्या खोलीत मागे एक मोठा गोल आकार होता आणि त्याच्या पलीकडे, भिंतीच्या कडेला, पाचवा गोळा होता. आडवा, लांबट. तो फुगताना बिचकत होता आणि बसताना त्यातून केसासारखी बारीक शिट्टी निघत होती.

"बाबांना दमा होता," मोनाली म्हणाली. "अशीच शिट्टी वाजायची. मी आठ वर्षांची होते, पण हा आवाज मी विसरले नाही. आणि मॅडम, नीट बघा. तो त्या मुलाच्या श्वासाबरोबर श्वास घेतोय. मुलाने घेतला की घेतो, मुलाने सोडला की सोडतो. स्वतःचा श्वास त्याच्याखाली लपवतोय."

उज्ज्वलाने मनाशी अंतर मोजलं. तो गोळा आपल्यापासून चार हातांवर होता. तिने तेव्हा मागे वळून पाहिलं नव्हतं.

"आम्ही दारोदार हिंडत होतो," मोनालीचा आवाज चिरकला, "आणि बाबा तिच्या घरात डांबलेले होते. बाई कॅमेऱ्यात बघून सांगते, मले काय माहीत! मी बेपत्तांच्या समितीकडे तक्रार केलीय. गावानेही तिला वाळीत टाकलंय. नातवाची सोयरीक मोडली. पुढच्या महिन्यात सुनावणी आहे. ऐंशी वर्षांची असली तरी आत जाईल."

"ती काय म्हणते?"

"काही नाही. तेच. मले माहीत नाही." मोनालीने डोळे पुसले. "समितीला फिल्ममधला आवाज पुरत नाही. मूळ रेकॉर्डिंग पाहिजे. तुमच्याशिवाय कोणाकडे मागू?"

"देते," उज्ज्वला म्हणाली. दुसरं काय म्हणणार?

मोनाली गेल्यावर तिने चहा टाकला आणि तो उतू गेला तरी ती कट्ट्यापाशी तशीच उभी राहिली. सोमीबाईच्या घरी ती दहा दिवस जेवली होती. मोहाच्या फुलांची भाजी, आंबील, आणि मुंग्यांची ती आंबट चटणी, जी खाताना लोपीसने "येशू, वाचव" म्हटलं होतं. नवरा वारलेला, मुलगा बिनलग्नाचा, रायपूरकडे कामाला. नातू जन्मायला अजून तीन-चार वर्षं होती. त्या घरात मूल नव्हतंच. त्या घरात एक शेळी होती.

दुसऱ्या दिवशी तिने वसईची गाडी धरली.

फ्रान्सिस लोपीस केळीच्या वाडीत लुंगी नेसून पाटाला पाणी सोडत होता. तिशीत होता तसाच काटकुळा, फक्त केस तेवढे कापसासारखे झालेले.

"आली का रणपिसे! मी म्हटलं, मेलीस बहुतेक. नाताळला फोन नाही, काही नाही."

"मेले असते तर तुला आधी कळवलं असतं. रडणाऱ्यांचा आवाज नीट यायला पाहिजे ना?"

"तुझ्यासाठी रडणार कोण? कॅमेराच लावावा लागेल, मग रडतील."

हसणं ओसरल्यावर तिने सगळं सांगितलं. लोपीसने हातातली खुरपी हळूच खाली ठेवली. आतल्या खोलीत त्याच्या जुन्या मुद्रणांनी भरलेलं लोखंडी कपाट होतं. त्याची एक सवय होती: प्रत्येक शांततेच्या आधी तो मायक्रोफोनजवळ तोंड नेऊन घराचं नाव सांगायचा. संकलक ते नाव कापून टाकायचा आणि पुढची शांतता तेवढी वापरायचा.

त्याने शोधून एक मुद्रण लावलं. तरुण लोपीसचा आवाज आला: "सोमीबाईचं घर. शांतता." पाठोपाठ शेळी ओरडली. मग हेलिकॉप्टर. मग पुन्हा शेळी. "अरे, त्या शेळीला कोणीतरी बाहेर न्या रे!" मग सोमीबाईचं हसणं, मग हेलिकॉप्टर इतकं जवळ, की कौलं थरथरताना ऐकू येत होती. पुढे काही नव्हतं.

"म्हणजे तिच्या घरची शांतता आपल्याकडे नव्हतीच," उज्ज्वला म्हणाली.

"नव्हती." लोपीसने डोकं खाजवलं. "पुण्याच्या एडिटरचा फोन आला होता गो, आठवलं मला. तो म्हणाला, बाई कॅमेऱ्याकडे बघते तिथे खाली हेलिकॉप्टर चालणार नाही, काहीतरी दे. मी म्हटलं, दुसऱ्या घराची घाल. सगळी घरं मातीचीच. शेजारणीकडून वाटीभर साखर आणावी, तशी शांतता आणली उसनी. सगळेच आणत. तेव्हा कोणाला ठाऊक, शांततेलाही चेहरा असतो ते?"

"कोणाच्या घराची घातली?"

ते त्याला आठवेना. कोसमटोल्याची मुद्रणं तो एकेक करून लावत गेला. शाळा. सरपंचाचा ओटा. पिठाची गिरणी. प्रत्येक वेळी उज्ज्वलाने सोबत आणलेल्या चकतीवर धुक्याचे गोळे उठत आणि नुसतेच श्वास घेत राहत. त्यातली किती माणसं आता मातीत गेली होती! खोली बंद, पंखा बंद, आणि टेबलावर एक अख्खं गाव हळूहळू श्वास घेत होतं. लोपीसची बायको जेवायला बोलवायला आली, दारातच थबकली आणि छातीवर क्रूसाची खूण करून परत गेली.

मग लोपीसचा जुना आवाज म्हणाला, "गेडाम मास्तरांचं घर. शांतता." आणि थोडं थांबून, मऊ होऊन, "बाळ, तूपण गप्प हं."

चकतीवर तीच खोली उभी राहिली. तोच मोठा गोल आकार. जमिनीवर बसलेली बाई, तिला टेकलेलं मूल, आणि मागे आडवा, लांबट, शिट्टी वाजवणारा पाचवा गोळा.

लोपीसने मुद्रण मागे नेऊन पुन्हा लावलं.

"आपण त्याच्याच बायकोची मुलाखत घेत होतो," शेवटी लोपीस म्हणाला. "ती पदर तोंडात धरून रडत होती. मी तिच्या हुंदक्यांची पातळी नीट केली, माझ्या या हातांनी. आणि तो मागे पडून ऐकत होता."

"मोनालीला सांगायला हवं."

"सांगशील गो. त्या पोरीला बाप सापडेल आणि आई हरवेल. आणि तुझा तो शॉट? उद्या लोक म्हणतील, रणपिसेबाईंची शांतता खोटी, तर बाकीचं खरं कशावरून? तिथे मेलेली माणसंसुद्धा खोटी ठरवतील. असे लोक टपूनच बसलेत."

"आणि नाही सांगितलं तर सोमीबाई तुरुंगात जाईल."

लोपीसने चकती बंद केली. "मी कुठे म्हणतो, सांगू नकोस. मी एवढंच म्हणतो, की जाशील तेव्हा आधी जेवून घे. उपाशीपोटी असलं बोलवत नाही."

चंद्रपूरला मोनालीच्या घरी कूलर घरघरत होता. आई यमुनाबाई आतल्या खाटेवर भिंतीकडे तोंड करून पडून होती. तक्रार दिल्यापासून ती धड जेवत नाही, बोलत नाही, असं मोनालीने दारातच सांगितलं. "बाबांची आठवण उफाळून आलीय."

उज्ज्वलाने कूलर बंद करायला सांगितला. वाटेत तिने पुष्कळ वाक्यं जुळवली होती. त्यातलं एकही आता तोंडातून निघेना. तिने नुसतं मुद्रण लावलं.

"गेडाम मास्तरांचं घर. शांतता. बाळ, तूपण गप्प हं."

मोनाली त्या पाच गोळ्यांकडे बघत राहिली. मग तिचा हात आपोआप स्वतःच्या छातीवर गेला. "ही मी आहे," ती म्हणाली. "ते मूल. मी आहे." आणि मग तिची नजर त्या पाचव्या गोळ्यावर गेली. "हे तर आमचं घर आहे. मॅडम, हे आमचं..."

"फिल्ममध्ये तुमच्या घरची शांतता सोमीबाईच्या चित्राखाली लागली. तिचा काही दोष नाही, मोनाली."

"आई?"

खाट करकरली. यमुनाबाई उठून बसली. म्हातारीचे डोळे कोरडे होते.

"बंद नोको करू ते," ती म्हणाली. "राहू दे चालू. लई दिवसांनं ऐकून रायली मी."

शिट्टी वाजत होती, अगदी बारीक. यमुनाबाई तिच्याकडे कान देऊन बोलत होती, जणू तिला विचारूनच सांगावं.

"दोघंबी मारणार होते त्याले. इकडचेबी, तिकडचेबी. रस्त्यानं जावं तर हे, जंगलानं जावं तर ते. मग मी त्याले ढोलीमागं घातलं." ढोली म्हणजे धान साठवायची, माणसाहून उंच बांबूची कणगी. तिच्या आणि भिंतीच्या मधे एक माणूस कसाबसा मावतो. "अन् बाहेर येऊन बोंब ठोकली, का मास्तरले नेलं. इकडच्याइले वाटलं तिकडच्यानं नेलं. तिकडच्याइले वाटलं इकडच्यानं. कोणी शोधाले आलं नाही. मले वाटलं, आठ-पंधरा दिवस. मग निघून जाईल नागपूरले."

"मग?" मोनालीचा आवाज ओळखू येत नव्हता.

"मग याइची फिल्म आली." यमुनाबाईने उज्ज्वलाकडे पाहिलं. रागाने नाही, नुसतंच. "साऱ्या मुलखानं पाह्यलं. मंत्री बोलले, पेपरात आलं. मास्तर गेला, मास्तर गेला. आता सांगा बाई, ज्याच्यासाठी सारा मुलूख रडला, तो माणूस दारातून बाहेर कसा येणार? आला असता तर दोघांचंबी तोंड काळं झालं असतं. मग आमाले तिघांलेबी ठेवलं असतं काय?"



"किती दिवस, आई?"

"तू होस्टेलले गेली तोवर होता. दोन वर्सं अन् वर थोडं."

"मी त्याच घरात झोपत होते."

"हो. तू झोपली का यायचा बाहेर. तुह्याजवळ बसायचा. तुह्यासंगं श्वास घ्यायचा, म्हणजे त्याची शिट्टी तुले ऐकू नाही जायची. एकदा तू जागी झाली, म्हणाली, माय, घर श्वास घेते. मी म्हटलं, घूस हाय, झोप." म्हातारीने पदर नुसताच मुठीत धरला. "तू गेली अन् त्याले समजेना, श्वास कोणासंगं घ्यावा. थंडीत गेला. मी अन् सोमीनं परसात खड्डा केला. आमच्यात गेलेल्या माणसाच्या नावाचा दगड उभा करतात. तोबी करता नाही आला."

"सोमीआजीला ठाऊक होतं?" मोनाली उभी राहिली. "आणि मी तिला... आई, तू मला तक्रार करू दिलीस?"

"रोज म्हणत होती मी, उद्या सांगतो पोरीले. रोज म्हणत होती." यमुनाबाईने पहिल्यांदाच मुलीकडे पाहिलं. "अठ्ठावीस वर्सं गप्प रायलेलं तोंड हाय ते, बाई. उघडतच नाही."

मोनाली स्वयंपाकघरात निघून गेली. आत एक भांडं पडलं, मग बराच वेळ नळ चालू राहिला. उज्ज्वलाने चकती बंद केली नाही. म्हातारीने तसं सांगितलं होतं. शेवटी मोनाली ओल्या तोंडाने बाहेर आली आणि आईसमोर जमिनीवर बसली.

"समितीसमोर तू बोलशील?"

"तू संगं येशील काय?"

"येईन."

सुनावणीला यमुनाबाई बोलली. उज्ज्वलाने आपल्या हाताने दोन्ही घरांची मुद्रणं तिथे लावली, शेळीसकट, आणि फिल्ममधली शांतता उसनी होती, असं लेखी दिलं. लोपीस म्हणाला होता तसंच झालं. संध्याकाळपर्यंत तिच्या सगळ्या फिल्मा खोट्या ठरवणारी माणसं जागोजाग उगवली. एका वाहिनीने तर तिला जेवणाच्या वेळी फोन करून विचारलं, की ती गावं तरी खरी होती का? तिने आमटी निवते आहे असं सांगून फोन ठेवला. समितीने सोमीबाईचं नाव मोकळं केलं. यमुनाबाईचं काय करायचं, ते समितीलाही सुचेना. नवरा लपवणं हा कोणत्या कलमातला गुन्हा?

मग उज्ज्वला, मोनाली आणि यमुनाबाई तिघीजणी कोसमटोल्याला गेल्या. आता तिथवर डांबरी रस्ता होता आणि नदीवर पूल. सोमीबाई अंगणात मोहाची फुलं वाळत घालत होती. वाकून निम्मी झालेली, पण जीभ तशीच.

"आल्या काय साऱ्या जणी? कोनाले धरून न्याले आल्या? मी तयारच हाव. लुगडंबी धुतलेलं हाय."

मोनालीने तिच्या पायांवर डोकं ठेवलं. म्हातारीने तिला खांद्याला धरून उठवलं.

"आजी, तुम्ही का नाही सांगितलं? गावानं पाणी तोडलं, नातवाचं लग्न मोडलं. एका शब्दात सुटला असतात."

"अन् तुह्या कानात जनमभर माझा आवाज रायला असता ना, पोरी. तुहा बाप मेल्याचं माझ्या तोंडून? ते हिनं सांगाचं होतं." तिने यमुनाबाईकडे बघून मान हलवली. "यमे, तुले मात्र लई टाईम लागला वं! मी आधी मेली असती तं?"

यमुनाबाईला हसू आलं, आणि मग रडू. दोघी म्हाताऱ्या एकमेकींच्या गळ्यात पडून बराच वेळ हलत राहिल्या.

गेडामांचं घर सोमीबाईनेच सांभाळलं होतं. सरपण ठेवायला म्हणून किल्ली तिच्याकडे होती. दार ढकललं तसा जुन्या धानाचा वास आला. कोपऱ्यात ढोली होती, काळीभोर, बसकी झालेली. मोनाली तिच्यामागच्या फटीपाशी जाऊन उभी राहिली. मग कोणी काही म्हणायच्या आत ती अंग चोरून त्या फटीत शिरली आणि दिसेनाशी झाली.

"बोलू नका कोणी," आतून आवाज आला.

त्या गप्प झाल्या. बाहेर कुठे तरी बैलाच्या गळ्यातली घंटा वाजून थांबली. उज्ज्वला सवयीने स्थिर उभी राहिली. तिने अशा कितीतरी शांतता ऐकल्या होत्या, पण या वेळी टिपणारं यंत्र कुठेच नव्हतं.

"मॅडम, तुम्ही दारापाशी आहात," मोनालीचा आवाज म्हणाला, सावकाश. "तुमचं डावं नाक चोंदलंय. सोमीआजी खाली बसल्यात. आई चुलीजवळ." थोडा वेळ गेला. "आई, तू रडतेयस."

उज्ज्वलाने वळून पाहिलं. यमुनाबाईच्या गालांवरून पाणी वाहत होतं. पण तोंडातून जराही आवाज नव्हता. चार हातांवर उभी असूनही उज्ज्वलाला काहीच ऐकू आलं नव्हतं.

"सगळं ऐकू येतं इथून," मोनाली म्हणाली. "सगळं. कूस बदललेलीसुद्धा."

मग ती बोलेनाशी झाली. तिघी थांबून राहिल्या. उज्ज्वलाने कान टवकारले. ढोलीमागून काहीच येत नव्हतं. चाहूल नाही, श्वास नाही. तिथे कोणी शिरलंच नव्हतं असं वाटावं, इतकी ती जागा रिकामी वाटत होती. यमुनाबाईने घाबरून चुलीजवळच्या खांबाला धरलं. उजेड कौलांतून सरकत भिंतीवर चढला, तरी आतून हूं नाही की चूं नाही.

शेवटी सोमीबाई गुडघ्यांवर हात रोवून उठली. ढोलीला टेकत टेकत फटीपाशी गेली आणि आपला सुरकुतलेला हात त्या अंधारात कोपरापर्यंत घातला.

"निघ आता बाहेर," ती दटावून म्हणाली. "पुरे झालं. तुह्या बापाले मी दोन वर्सं हेच सांगत होती. त्यानं काई ऐकलं नाही."

थोडा वेळ तो हात तसाच राहिला. मग आतून कोणीतरी तो घट्ट धरला.